कडी आतून की बाहेरून?

मुंबईचं छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस सोडलं, की लोकलचं पहिलं स्टेशन लागतं ते मशीद. लोक त्याला मशीद बंदर म्हणतात. सुकामेवा, मसाले, लोखंडी सामान यांचा घाऊक बाजार तिथं आहे, त्यामुळे गावोगावचे दुकानदार तिथं उतरतात. पण हे नाव कुठल्या मशिदीवरून पडलं असं विचारलं, तर बहुतेक जण जवळची एखादी मुसलमानांची मशीद दाखवतील. खरं म्हणजे ही मशीद यहुद्यांची. 'शाआर हारहमीम', म्हणजे दयेचं द्वार, असं तिचं हिब्रू नाव. ते जिभेवर बसायला अवघड, म्हणून मराठी यहुदी आपल्या प्रार्थनामंदिराला सरळ मशीद म्हणू लागले, आणि ही सगळ्यांत पहिली म्हणून ती 'जुनी मशीद' झाली. स्टेशनला तिचंच नाव मिळालं असं मानलं जातं. तिची स्थापना १७९६ सालची. स्थापन करणाऱ्याचं नाव सामाजी हसाजी दिवेकर. हिब्रूत सॅम्युअल इझिकेल. त्या भागातला सॅम्युअल स्ट्रीट त्याच्याच नावाचा.

सामाजी, हसाजी आणि दिवेकर. या तीन शब्दांत मला एका समाजाची सगळी गोष्ट दिसते. दिवेआगरचा तो दिवेकर, किहीमचा किहीमकर, पेणचा पेणकर, रोह्याचा रोहेकर, अष्टमीचा अष्टमकर. गावावरून आडनाव लावायची आपली मराठी रीत या लोकांनी जशीच्या तशी उचलली. त्यांना बेने इस्राएल म्हणतात, म्हणजे इस्राएलची लेकरं. आम्हा मुसलमानांना हा शब्द परका नाही. कुराणात तो 'बनी इस्राईल' असा पुन्हा पुन्हा येतो आणि सतराव्या सूरेला ते एक नावही आहे. आख्यायिका अशी, की सामाजी दिवेकर ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेत असताना टिपू सुलतानाच्या कैदेत सापडला. आपण बनी इस्राईलपैकी आहोत असं त्यानं सांगितलं, ते टिपूच्या आईच्या कानावर गेलं आणि तिच्या शब्दाखातर त्याचे प्राण वाचले. सुटून आल्यावर त्यानं ही मशीद बांधली.

मंडळी, आज मी मोहल्ल्याविषयी बोलणार आहे. शहरात एका जातीची, एका धर्माची, एका रंगाची माणसं एकत्र का राहतात? ती आपण होऊन राहतात, की त्यांना तसं राहावं लागतं? आणि अशी वस्ती 'आपली' केव्हा होते? यहुद्यांच्या वस्त्या आणि अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या वस्त्या यांवर जगात खूप लिहिलं गेलं आहे. पण त्याचा आपल्याशी काय संबंध, असं वाटत असेल तर थोडं थांबा. दोन्ही गोष्टींचे धागे आपल्या मुंबईत, आणि काही तर आमच्या नगर जिल्ह्यात सापडतात.

आधी बेने इस्राएल. त्यांची परंपरा सांगते, की फार जुन्या काळी अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर एक गलबत फुटलं. सात पुरुष आणि सात बाया तेवढ्या वाचल्या. पोथ्या समुद्रात गेल्या. पुढं ही माणसं कोकणातल्या गावांत पांगली आणि तेलाचे घाणे चालवू लागली. शनिवारी मात्र त्यांचा घाणा बंद. म्हणून गावानं त्यांना 'शनिवार तेली' हे नाव दिलं. मला या नावात मोठी गंमत वाटते. गावाला त्यांचा धर्म ठाऊक नव्हता, ग्रंथ ठाऊक नव्हता. हा माणूस शनिवारी काम करत नाही, एवढंच गावानं पाहिलं आणि तेवढ्यावर त्याला सामावून घेतलं. त्याचा शनिवार सोडायला कुणी सांगितलं नाही.

अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात ही मंडळी कोकणातून मुंबईला येऊ लागली. फौजेत, गोदीत, बांधकामावर आणि पुढं रेल्वेत, सरकारी कचेऱ्यांत त्यांनी नोकऱ्या धरल्या. मांडवी, डोंगरी, उमरखाडी या भागांत ती राहिली. तिथल्या एका गल्लीला इस्राएल मोहल्ला असंच नाव पडलं. आता ती जवळजवळ का राहिली, याचं कारण समजून घेण्यासारखं आहे. यहुदी धर्मात शब्बाथच्या दिवशी वाहनात बसायचं नाही. म्हणजे प्रार्थनेला चालत जाता येईल इतक्या अंतरावर घर हवं. दुसरी गोष्ट, सामुदायिक प्रार्थनेला तेरा वर्षांवरचे किमान दहा पुरुष लागतात. नऊ असले तर प्रार्थनेचे काही भाग म्हणताच येत नाहीत. तिसरी, मांस धर्माच्या नियमानं कापलेलं हवं. तेव्हा एकटा यहुदी घर करू शकतो, पण धर्म पाळायचा तर त्याला शेजार लागतो. आम्हा मुसलमानांचंही पुष्कळसं असंच आहे. अजान ऐकू यावी, मशीद पायी अंतरावर असावी, हलाल मांस मिळावं, मयतीला चार माणसं धावून यावीत, म्हणून माणूस मोहल्ला धरून राहतो.

ही झाली आपण होऊन धरलेली वस्ती. तिच्या दाराची कडी आतल्या बाजूला असते. वाटलं तर लावावी, वाटलं तर काढून बाहेर पडावं. बेने इस्राएलांनी ती कडी बऱ्याचदा काढलेली दिसते. त्यांच्यात मराठी कीर्तन होतं. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटाकडे त्यांचे कीर्तनकार अब्राहम, योसेफ, मोशे यांची आख्यानं आपल्या कीर्तनाच्या धाटणीवर रंगवू लागले. वल्हांडणाच्या सणाला वाचायची हग्गादा ही पोथी १८७४ मध्ये पुण्यात हिब्रू आणि मराठीत छापली गेली. तिच्या चित्रात बिनखमिराच्या भाकरी करणाऱ्या बाया साडी नेसलेल्या आहेत. मलिद्याचा विधी तर खास त्यांचा. भिजवलेले पोहे, गूळ, खोबरं आणि फळं ताटात मांडून एलियाहू नबीच्या नावानं प्रार्थना करतात. मलिदा हा शब्द आमच्या उरुसातही आहे. कुणी कुणाकडून घेतला याचा हिशेब करण्यात मला रस नाही. एकाच आळीचा वास दोघांच्या ताटाला आला आहे, एवढं मला पुरेसं आहे.

आता कडी बाहेरून असते तेव्हा काय होतं ते बघू. १५१६ साली इटलीतल्या व्हेनिसच्या राज्यानं हुकूम काढला, की शहरातल्या यहुद्यांनी एका ठरावीक बेटासारख्या भागातच राहायचं. रात्री त्या भागाची फाटकं बंद व्हायची, पहाटे उघडायची. पहारेकरी ख्रिस्ती असत आणि त्यांचा खर्च यहुद्यांच्या माथी. त्या जागेचं नाव होतं घेटो. पुढं युरोपभर अशा कोंडलेल्या वस्तीला घेटो म्हणू लागले. विसाव्या शतकात हाच शब्द अमेरिकेत कृष्णवर्णीयांच्या वस्त्यांना चिकटला.

तिथं भिंत नव्हती, फाटक नव्हतं. कडी कागदाची होती. साधारण १९१० ते १९७० या काळात अमेरिकेच्या दक्षिणेकडून सुमारे ६० लाख कृष्णवर्णीय माणसं उत्तरेच्या आणि पश्चिमेच्या शहरांत आली. पिकाचा तोटा, जमीनदाराचा जाच, झुंडीनं जीव घेण्याची भीती, अशी कारणं होती. शिकागोत आणि न्यूयॉर्कमध्ये आल्यावर मात्र त्यांना मोजक्याच भागांत घर मिळे. कित्येक ठिकाणी घराच्या खरेदीखतातच अट असायची, की हे घर गोऱ्याशिवाय कुणाला विकायचं किंवा भाड्यानं द्यायचं नाही. काही खतांत यहुद्यांनाही मनाई असे. १९३० च्या दशकात सरकारी संस्थेनं शहरांचे नकाशे रंगवले. कृष्णवर्णीयांच्या वस्त्या लाल. लाल भागात घरकर्ज देणं धोक्याचं समजलं जाई. कर्ज नाही म्हणून दुरुस्ती नाही, दुरुस्ती नाही म्हणून पडझड, आणि पडझड बघून लोक म्हणायचे, या लोकांना राहायचंच कळत नाही! अशा अटी कोर्टामार्फत अमलात आणता येणार नाहीत, असा निकाल तिथल्या सर्वोच्च न्यायालयानं १९४८ मध्ये दिला. घर देताना वंशावरून नकार देण्याला बंदी करणारा कायदा यायला १९६८ साल उजाडलं.

न्यूयॉर्कचं हार्लेम हे कृष्णवर्णीयांचं मोठं ठिकाण. पण पहिल्या महायुद्धाच्या सुमारास तिथं लाखावर यहुदी राहत होते, हे पुष्कळांना ठाऊक नसतं. ते हळूहळू दुसऱ्या भागांत गेले आणि कृष्णवर्णीय आले. १९०७ मध्ये बांधलेलं यहुद्यांचं टेंपल इस्राएल हे देखणं मंदिर १९२५ मध्ये कृष्णवर्णीयांच्या माउंट ऑलिव्हेट बॅप्टिस्ट चर्चनं घेतलं. इमारतीवरचे दाविदाचे सहा कोनी तारे तसेच राहिले. एका कोंडलेल्या समाजाची वास्तू दुसऱ्या कोंडलेल्या समाजाच्या उपयोगी पडली. फरक एवढाच, की यहुद्यांना हार्लेममधून बाहेर पडायला वाट मिळाली, आणि कृष्णवर्णीयांना ती कित्येक वर्षं मिळाली नाही.

याच हार्लेमच्या शेजारी कोलंबिया विद्यापीठ आहे. १९१३ ते १९१६ या काळात बाबासाहेब आंबेडकर तिथं शिकत होते. पुढं १९४६ मध्ये त्यांनी डब्ल्यू. ई. बी. द्युबॉइस या कृष्णवर्णीय विचारवंताला पत्र लिहून त्यांच्या लढ्याची माहिती मागवली. पण मराठी माणसाचं या प्रश्नाशी नातं त्याहून जुनं आहे. १८७३ साली जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी' हे पुस्तक अमेरिकेत गुलामांना मुक्त करण्यासाठी झटलेल्या लोकांना अर्पण केलं. जोतीरावांनी मुलींची शाळा काढण्याआधी नगरला येऊन अमेरिकन मराठी मिशनच्या सिंथिया फरार बाईंच्या शाळा पाहिल्या होत्या. हे मिशन नगरला १८३१ पासून होतं. म्हणजे अमेरिकेचं वारं आमच्या जिल्ह्यात जवळजवळ दोनशे वर्षांपूर्वीच पोचलं होतं म्हणायला हरकत नाही.

आपल्याकडे बाहेरून लावलेली कडी म्हणजे गावकुसाबाहेरचा महारवाडा. तो दाखवायला मला अमेरिकेला जायची गरज नाही. गावातला हा जाच चुकवून माणसं मुंबईला आली. १९२० च्या दशकात सरकारच्या डेव्हलपमेंट खात्यानं वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्ग आणि शिवडी इथं बीडीडी चाळी बांधल्या. १६० चौरस फुटांची खोली आणि संडास सगळ्यांना मिळून. गिरणीत काम करणारी, नगरपालिकेत झाडूकाम करणारी, गोदीत ओझी वाहणारी हजारो माणसं तिथं राहिली. गाव मागं पडलं, पण जात सामानाबरोबर आली. कुठल्या इमारतीत कोण राहतं हे सगळ्यांना ठाऊक असे. १९७४ च्या जानेवारीत वरळीच्या चाळींत दलित आणि सवर्ण यांच्यात दंगल पेटली आणि ती कित्येक दिवस धुमसत राहिली.

पण त्याच चाळींत भीमजयंती झाली, शाहिरी झाली, वाचनालयं चालली, रात्री दिव्याखाली पोरं अभ्यास करून शिकली. १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली. नामदेव ढसाळ, ज. वि. पवार, राजा ढाले ही तेव्हा पंचविशी-तिशीतली पोरं. नाव घेतलं अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरचं, जी १९६६ मध्ये ओकलंड शहरात सुरू झाली होती. ही अमेरिकी पँथर आपल्याकडे बंदुकांमुळे माहीत झाली. तिनं १९६९ पासून शाळेत जाणाऱ्या पोरांना सकाळची फुकट न्याहारी द्यायला सुरुवात केली होती, हे कमी जणांना माहीत असतं. वस्ती कोंडलेली असली, तरी तिथल्या पोरांनी उपाशी शाळेत जायचं नाही, हे वस्तीनं ठरवलं. वस्ती आपली व्हायला सुरुवात होते ती इथून. कडी बाहेरून असते तेव्हाही आत चूल पेटवणारे हात आपलेच असतात. ढसाळांचं बालपण नागपाड्याजवळच्या ज्या गल्ल्यांत गेलं, त्या गोलपिठ्याचं नाव त्यांनी १९७२ मध्ये आपल्या पहिल्या कवितासंग्रहाला दिलं. ज्या वस्तीचं नाव सांगायची लाज वाटावी अशी जगाची अपेक्षा होती, ते नाव त्यांनी पुस्तकाच्या कपाळावर लावलं.

हा नागपाडा-भायखळ्याचा भाग एकदा सावकाश फिरून पाहावा. इथं बगदादहून आलेल्या श्रीमंत यहुद्यांनी एकोणिसाव्या शतकात मागेन डेव्हिड हे भलं मोठं मंदिर बांधलं, आवारात शाळा काढली. इथंच १९२० च्या दशकात अमेरिकन मराठी मिशनच्या क्लिफर्ड मॅन्शर्ट यांनी नागपाडा नेबरहूड हाऊस सुरू केलं. मॅन्शर्ट शिकले शिकागोत. तिथं स्थलांतरितांच्या गरीब वस्त्यांत घर करून राहायचं आणि शेजाऱ्यांबरोबर काम करायचं, अशी एक चळवळ होती. तीच कल्पना त्यांनी नागपाड्यात आणली. मुसलमान, यहुदी, ख्रिस्ती, हिंदू असा सगळा मिसळलेला शेजार. वाचनालय, दवाखाना, खेळ. १९३६ मध्ये समाजकार्य शिकवणारी देशातली पहिली संस्था याच इमारतीत सुरू झाली. तीच आजची टाटा समाजविज्ञान संस्था. नागपाड्याच्या पोरांना बास्केटबॉलचं वेड लागलं ते आजतागायत उतरलेलं नाही. हार्लेमच्या गल्लीत आणि नागपाड्याच्या मैदानात एकच खेळ रुजला याचं मला नवल वाटत नाही. त्याला मोठं मैदान लागत नाही. एक कडं, एक चेंडू आणि शेजारची पोरं असली की झालं.

आता एक कडवट गोष्ट सांगायला हवी. आपली माणसं म्हणजे नेहमी आपलेपणाच, असं नसतं. बगदादी यहुदी बेने इस्राएलांना आपल्या बरोबरीचे मानायला तयार नसत. कित्येक ठिकाणी प्रार्थनेच्या दहा माणसांत त्यांना मोजत नसत, दफनभूमीत वेगळी जागा मागत. बेने इस्राएलांमध्येही गोरा इस्राएल आणि काळा इस्राएल असे भेद होते. आम्हा मुसलमानांत अश्रफ-अजलाफ आहेतच, आणि दलितांतल्या पोटजातींबद्दल दलित लेखकांनीच लिहिलं आहे. एका मोठ्या कडीच्या आत लहान लहान कड्या लावण्याची माणसाला खोड आहे.

१९४८ मध्ये इस्राएल देश झाला. तेव्हा बेने इस्राएलांची संख्या वीस हजारांच्या आसपास होती. पुढच्या काही दशकांत बहुतेक जण तिकडं गेले. कुणी त्यांना इथून हाकललं नव्हतं. धर्माची ओढ होती, नव्या देशाची आशा होती. तिथं गेल्यावर मात्र काहींना रंगावरून आणि पद्धतींवरून दुजाभाव सोसावा लागला. पन्नासच्या दशकाच्या सुरुवातीलाच काही कुटुंबांनी आम्हाला भारतात परत पाठवा म्हणून धरणं धरलं, आणि काही परत आलीही. १९६० च्या दशकात तिथल्या धर्मगुरूंनी यांच्याशी लग्न लावण्याआधी पिढ्यान्‌पिढ्यांचा यहुदीपणा तपासावा, असा फतवा काढला. ज्यांनी पोथ्या बुडाल्यावरही शनिवार सोडला नाही, त्यांच्याकडे पुरावा मागितला! १९६४ मध्ये जेरुसलेममध्ये मोठं आंदोलन झालं, तेव्हा तो नियम बदलला.

त्या देशाच्या दक्षिणेला, वाळवंटाच्या कडेला दिमोना नावाचं गाव आहे. १९५५ मध्ये वसवलेलं. मराठी यहुदी तिथं इतके स्थायिक झाले, की लोक त्याला छोटा हिंदुस्थान म्हणतात. दुकानात चिवडा मिळतो, घरात आजी मराठी बोलते. इस्राएलमध्ये 'मायबोली' नावाचं मराठी नियतकालिक निघालं. आणि याच दिमोनात १९६९ पासून शिकागोची कृष्णवर्णीय माणसं येऊन राहिली. आपण मूळचे बायबलातले इस्राएली आहोत अशी त्यांची श्रद्धा. बेन अम्मी हे त्यांचे पुढारी. आधी ते लायबेरियात गेले, मग इथं आले. सरकारनं त्यांना यहुदी मानलं नाही. अनेक वर्षं ही माणसं कागदाविना राहिली. एका जुन्या इमारतीच्या आवारात त्यांनी एकत्र वस्ती केली, मांसाहार वर्ज्य केला, स्वतःची शाळा चालवली. २००३ मध्ये त्यांना कायम राहण्याची परवानगी मिळाली. तरीही २०२१ मध्ये त्यांच्यातल्या पन्नासएक कुटुंबांना देश सोडण्याच्या नोटिसा आल्या.

एका लहान गावात कोकणातून आलेला मराठी यहुदी आणि शिकागोहून आलेला कृष्णवर्णीय इस्राएली. एकाला पुरावा मागितला, दुसऱ्याला परवाना. दोघंही 'आपल्या' माणसांत राहायला म्हणून समुद्र ओलांडून आले होते. आपलेपणा नकाशावर सापडत नाही, हे दिमोनाइतकं स्पष्ट मला दुसरीकडं कुठं दिसलं नाही. तिथं पॅलेस्टिनी माणसांवर जे कोसळलं तो वेगळा आणि फार मोठा विषय आहे, आणि तोही अखेर घर आणि कडी यांचाच आहे. आज तो हाताशी घेत नाही.

इकडं मागं राहिलेल्या वास्तूंचं काय झालं? भायखळ्यातली सर जेकब ससून शाळा आणि माझगावची सर एली कदूरी शाळा या यहुद्यांनी यहुदी मुलांसाठी काढल्या. आज तिथं शिकणारी बहुसंख्य मुलं मुसलमान आहेत. वरळी नाक्याकडे जाणारा डॉ. ई. मोझेस रोड हा १९३७-३८ मध्ये मुंबईचे महापौर असलेल्या बेने इस्राएल डॉक्टरांच्या नावाचा. महाराष्ट्र सरकारनं २०१६ मध्ये यहुद्यांना अल्पसंख्याकांचा दर्जा दिला, तेव्हा इथं मोजकेच हजार उरले होते. अनेक ठिकाणी प्रार्थनेला दहा माणसं जमवताना तारांबळ होते. ज्या वस्तीची कडी आतून होती, ती रिकामी झाली तरी तिच्याबद्दल शेजाऱ्याच्या मनात किल्मिष उरत नाही, हा तिचा वारसा.

आता माझ्या घरातलं सांगतो. मी मुसलमान, मराठीत कविता लिहितो. घरात दखनी बोलतो. मराठीतून मुसलमान लिहितो याचं लोकांना नवल वाटतं, तेव्हा मी त्यांना आमच्याच जिल्ह्यातल्या श्रीगोंद्याच्या संत शेख महंमदांची आठवण देतो. माझा मुलगा पुण्यात नोकरीला लागला. त्यानं ऑफिसजवळ खोली पाहिली. भाडं ठरलं, आगाऊ रक्कम ठरली. मग मालकांनी पूर्ण नाव विचारलं. दुसऱ्या दिवशी एजंटाचा फोन आला, "भाऊ, त्यांच्या पाहुण्यांनी आधीच सांगून ठेवलं होतं म्हणे. तुम्ही कोंढव्यात बघा ना, तिकडं तुमची माणसं आहेत." आवाज अगदी गोड होता. मुलगा मला म्हणाला, "अब्बा, मला कोंढवा आवडतो. माझे दोस्त आहेत तिथं. पण मी तिथं राहायला जाणार होतो की मला तिथं पाठवलं, हे आता मलाच कळत नाही."

त्याचं हे वाक्य माझ्या मनातून जात नाही. सगळ्या विषयाचं सार त्यात आहे. १९९२-९३ च्या दंगलींनंतर मुंबईतली कितीतरी मुसलमान कुटुंबं मुंब्र्याला गेली. भीतीनं गेली. तिथं त्यांनी शाळा, दवाखाने, दुकानं उभी केली. बाहेरचा माणूस बघतो आणि म्हणतो, यांना आपल्यातच राहायला आवडतं. आवडतंही असेल. पण आवड आणि नाइलाज एकाच खोलीत राहू लागले की वेगळे ओळखू येत नाहीत. शिकागोच्या लाल नकाशातल्या माणसाचं हेच झालं होतं. आपल्याकडे तसा नकाशा नाही, खरेदीखतात तशी ओळही सहसा नसते. नुसतं 'नाव काय म्हणालात?' एवढं विचारलं जातं.

म्हणून वस्ती ओळखण्याची माझी खूण साधी आहे. तिथं कोण राहतं हे विचारू नका. तिथून कुणाला बाहेर पडायचं असेल तर पडता येतं का, आणि बाहेरच्या कुणाला तिथं घर मिळतं का, एवढं विचारा. दोन्ही उत्तरं हो असतील, तर त्या मोहल्ल्यात अजान होवो, भजन होवो, भीमगीत होवो की शब्बाथची प्रार्थना, तो मोहल्ला निरोगी आहे. एकही उत्तर नाही असेल, तर तिथं कितीही प्रेमळ शेजार असला तरी कडी बाहेरून आहे.

२०२५ च्या ऑगस्टमध्ये वरळीच्या बीडीडी चाळीतल्या पहिल्या ५५६ कुटुंबांना उंच इमारतींतल्या नव्या घरांच्या किल्ल्या मिळाल्या. १६० फुटांतून ५०० फुटांत. आनंदाची गोष्ट आहे. चाळीच्या ओट्यावरचा शेजार लिफ्टमधून वर जाईल का, ही काळजी सगळे करतात. मला दुसरीच उत्सुकता आहे. त्या इमारतींत पुढं एखादं घर भाड्यानं द्यायचं झालं, तर दारावर आलेल्या माणसाला आधी काय विचारलं जाईल? ज्यांनी शंभर वर्षं बाहेरची कडी सोसली, त्यांच्याकडून माझी अपेक्षा जरा जास्तच आहे.

आमचं पुणतांबा गोदावरीकाठचं. चांगदेवांची समाधी इथं आहे, आणि शिर्डीला जाणारा रेल्वेचा फाटा इथूनच फुटतो. गाव म्हटलं की आळ्या आल्या, गल्ल्या आल्या, कोण कुठल्या बाजूला राहतो हे ठरलेलं आलं. लहान गावात खोल्या भाड्यानं मागायला फारसं कुणी येत नाही, म्हणून आपल्याला वाटतं हा शहराचा प्रश्न. पण आता बदलीवर शिक्षक येतात, बँकेत परगावची पोरं येतात, नर्सबाई येतात. संध्याकाळी एखादा अनोळखी माणूस पिशवी घेऊन ओट्याशी उभा राहतो आणि विचारतो, खोली मिळेल का? त्या वेळी कडीवर हात आपला असतो.